पाटी

फोर्ट लीच्या कड्याखाली हडसन, हडसनवर फेरीबोट,
बोटीच्या पोटात बॉयलर,
आणि बॉयलरपाशी उभं राहून राहून
कान गमावलेला ऑर्व्हिल स्ट्राउट.
कान गेले तसा त्याचा आवाज वाढला.
जेवताना मीठ मागितलं तर शेजारचं कुत्रं भुंकायचं.

त्याच्याशी बोलायला स्वयंपाकघरात एक पाटी होती.
लव्हीना त्या पाटीवर वाढली.
खडू आखूड, बापाचा धीर त्याहून आखूड,
म्हणून आईच्या तापाची, डॉक्टरच्या येण्याजाण्याची,
सगळ्या रात्रीची हकिगत
सातव्या वर्षी ती एवढीच लिहायची :
आई आजारी. लवकर या.
'घाबरू नका' लिहायचं राहून जायचं.

पुढे कड्यावर काचेच्या छपरांचे स्टुडिओ आले.
लिहायला कुठे शिकलात, त्यांनी विचारलं.
काळ्यावर पांढरं? घरीच, ती म्हणाली.
एका शब्दाला एक फूट फिल्म जाते, बाई.
मग ती फुटांत विचार करू लागली.
माफी दोन फूट. लग्नाची मागणी सहा.
विधवेच्या दुःखाला पाटीच नको,
दाराशी राहिलेले त्याचे बूट दाखवा.

पंचवीस डॉलरला एक गोष्ट.
अठ्ठावीस गोष्टी, पाचांत आगगाडी,
तीन नायिका आंधळ्या,
बहिरं कुणीच नाही, हे तिच्या फार उशिरा लक्षात आलं.
नाव कुठेच नाही.

शनिवारी बापाला घेऊन पुढच्या रांगेत.
पडद्यावर नायक गुडघे टेकून, डोळ्यांत पाणी,
पाटी उमटायची : तुझ्याविना मी कुणी नाही.
आणि ऑर्व्हिल खदखदून हसायचा.
त्याला ओठ वाचता येत.
नायक म्हणत होता, जेवणाची सुट्टी कधी, गुडघा मोडला माझा.
"तो काय बोलतोय आणि तू काय लिहिलंयस!"
ही त्याची कुजबुज. बाल्कनीपर्यंत जायची.
ती मान खाली घालायची. मग तो म्हणायचा,
"पण तुझंच खरं वाटतं."

एका हिवाळ्यात कोळसा संपला, मग साथ आली.
कंपन्या उन्हामागे कॅलिफोर्नियाला गेल्या.
लव्हीना राहिली. बापाला पाटी कोण लिहून देणार?
नदीपलीकडे अ‍ॅस्टोरियात
दुसऱ्यांच्या पाट्यांतले शब्द कमी करत बसली काही वर्षं.

आणि पडदा बोलायला लागला.
न बोलणाऱ्याचे गहू पडून राहिले,
कोंड्याची पोती घेऊन नाटकवाले आले ब्रॉडवेवरून.
तिनं चार शब्दांचा प्रवेश लिहून नेला.
फूट मोजू नका हो आता, बोलू द्या त्यांना.
मायक्रोफोन फुलदाणीत लपवलेला.
नायिका वाकून लिलीच्या फुलांना सांगायची,
माझं प्रेम आहे तुझ्यावर.
नायक तिच्या पाठीमागे, हात कुठे ठेवावेत न कळून.

तो बोलपट फोर्ट लीत लागला तेव्हा
ऑर्व्हिलनं नवी कॉलर लावली.
पडद्यावर पहिल्यांदा तिचं नाव, तिसऱ्या ओळीत, बारीक.
ते त्यानं वाचलं.
मग दीड तास वाचायला काही नव्हतं.
ओठ सगळे फुलदाणीकडे वळलेले.
लोक हसले की तो लोकांच्या तोंडांकडे बघायचा.

रात्री अकरा वाजता, घरातला जुना बोलपट,
गल्ली जागी करत त्यानं विचारलं :
"काय म्हणाली ती शेवटी?"

ते सांगायचं तर सुरुवातीपासून सांगावं लागणार होतं.
लव्हीनानं लिहिलं, पुसलं, लिहिलं.
बाही पांढरी झाली, फडकं दोनदा पिळलं.
शेवटच्या वाक्यापाशी खडू थांबला.
ते तिचं नव्हतंच. सेटवर कुणीतरी बदललेलं,
बावीस शब्दांचं.
तिनं आपलं लिहिलं, कापलेलं. तीन फूट.

त्यानं वाचलं, ओठ हलवत,
आणि आयुष्यात एकदा तरी हळू.

तिनं फडकं उचललं.
त्यानं पाटी ओढून घेतली.

सकाळी दूधवाल्याचे किती द्यायचे
ते तिला त्याच्या तळहातावर लिहावं लागलं.